‘गमुकान या, म्बाक!’: इंडोनेशियन बायकांचं शरीर, बोली आणि ओळख (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

जावा बेटावरच्या योग्यकर्ता शहरात मी दोन वर्षं राहिले. परत आल्यापासून मैत्रिणी, नात्यातल्या बायका आणि नवऱ्याच्या नोकरीमुळे जकार्ताला निघालेल्या ओळखीपाळखीच्या मुली मला तेच ते प्रश्न विचारतात. दरवेळी तुकड्यातुकड्यांत उत्तर देण्यापेक्षा एकदाच नीट लिहून ठेवते. तिकडचे शब्द कानाला जसे ऐकू येतात तसे देवनागरीत लिहिले आहेत.

ओळखीची बाई भेटली की ती तोंडावर ‘जाड झालीस’ म्हणते, हे खरं आहे का?

खरं आहे. महिनाभर पुण्यात राहून मी परत गेले आणि दुसऱ्याच दिवशी बेरिंगहार्जो बाजारात माझ्या नेहमीच्या जामूवाल्या इबूकडे गेले. जामू म्हणजे मुळ्या-मसाल्यांचं औषधी पेय. इबू म्हणजे आई, आणि कोणत्याही मोठ्या बाईला हाक मारायचा शब्दही तोच. पुढ्यात बाटल्यांची रांग लावून ती पेला विसळत बसली होती. मान वर करून मला पाहिलं आणि हसून म्हणाली, “वाऽ, गमुकान या, म्बाक!” गमुक म्हणजे जाड. त्याला ‘आन’ लागलं की ‘आधीपेक्षा जाड’. ‘या’ म्हणजे आपलं ‘ना?’ आणि म्बाक म्हणजे ताई. शेजारच्या मसालेवालीनेही मान हलवून दुजोरा दिला. इबूने हळद-चिंचेचा पेला काठोकाठ भरला, मी अर्धा प्यायल्यावर त्यात पुन्हा ओतला आणि पैसे काही घेतले नाहीत. ‘बऱ्याच दिवसांनी दिसलीस, माहेरी पोटभर जेवून आलीस’ हे सगळं तिच्या त्या एका शब्दात होतं.

त्यानंतर पंधरा दिवसांची गोष्ट. एका कार्यालयात बैठकीआधी सगळे चहा घेत होते. एक वरिष्ठ साहेब आत आले आणि पंचविशीच्या एका मुलीकडे बघून दहा जणांसमोर म्हणाले, “गमुकान या?” सगळे हसले. तीही हसली, समोरची तळलेली केळी तिने हळूच दुसऱ्याकडे सरकवली. पुढचे कितीतरी दिवस ती दुपारी सगळ्यांसोबत जेवायला आली नाही.

दोन्हीकडे शब्द तोच होता. या पानावर पुढे जे काही लिहिलं आहे, ते सगळं या दोन प्रसंगांमधल्या अंतराबद्दल आहे.

मग ही आपुलकी समजायची की उद्धटपणा?

तिकडे ‘बासा-बासी’ असा शब्द आहे. गाठ पडल्यावर बोलायला सुरुवात म्हणून जे बोलतात ते. आपलं ‘काय, जेवलात का?’ जसं असतं, तसंच. कुठे निघालीस, आंघोळ झाली का, बारीक झालीस का, जाड झालीस का, हे सगळं बासा-बासीत मोडतं. ईदला, म्हणजे त्यांच्या लबारानला, सगळा देश गावी जातो. तेव्हा आत्या-मावश्यांचा हा प्रश्नांचा मारा ठरलेलाच. ‘कापान निकाह?’ म्हणजे लग्न कधी? लग्न झालं असेल तर ‘सुदाह इसी?’, शब्दशः ‘भरलं का?’, म्हणजे दिवस गेले का? आपल्याकडे लग्नघरी वधूच्या मोठ्या बहिणीला जे ऐकावं लागतं, त्याचंच हे सख्खं भावंड.

पण ‘त्यांची संस्कृतीच तशी आहे’ म्हणून हात झटकणं मला पटत नाही. आज त्या देशातल्या बायकाच या सवयीबद्दल मोठ्याने बोलतात. ‘बॉडी शेमिंग’ हा शब्द त्यांनी जसाच्या तसा उचलला आहे आणि शाळकरी मुलींच्या तोंडीही तो ऐकू येतो. पोलिसांनी २०१८ या एका वर्षात शरीरावरून केलेल्या अपमानाची ९६६ प्रकरणं हाताळल्याचं सांगितलं होतं. ज्या समाजात बायका तक्रार लिहून द्यायला पोलीस ठाण्याची पायरी चढतात, तिथे ‘त्यांना काही वाटत नाही’ असं बाहेरच्या माणसाने म्हणू नये.

कोण बोलतं, कोणासमोर बोलतं आणि ऐकणारीला उलट उत्तर देता येतं का, यावर सगळं ठरतं. जामूवालीला मी लगेच म्हणू शकले, “इबूच्या जामूचाच प्रताप!” त्या मुलीला साहेबांना असं काही म्हणता येणार नव्हतं.

जाड-बारीक यासाठी तिथे एवढे शब्द का आहेत? सगळे सारखेच का?

मुळीच नाहीत, आणि हाच भाग मला सगळ्यात जास्त आवडतो.

गमुक हा साधा शब्द आहे, डॉक्टरही वापरतात. गन्दुत मात्र थेट ‘ढोली’. त्याचं लाडाचं रूप ‘न्दुत’. नवरा-बायको एकमेकांना, मैत्रिणी एकमेकींना प्रेमाने न्दुत म्हणतात. इथे नव्या माणसाची एक गफलत हमखास होते. जावानीज घरांत लेकीला ‘न्दुक’ म्हणतात, म्हणजे ‘बाळे’, ‘पोरी’. माझ्या घरमालकीणबाई मला न्दुक म्हणायच्या. पहिला आठवडाभर मी ते ‘न्दुत’ ऐकत होते आणि मनातून खट्टू होत होते.

आडवळणाचे शब्द तर थेट आपल्याच अंगणातले वाटतात. ‘बरीसी’ म्हणजे भरलेली, आपण म्हणतो तशी अंगानं भरलेली. ‘सुबुर’ म्हणजे सुपीक, जमिनीला लावायचा शब्द शरीराला लावलेला. ‘मकमुर’ म्हणजे संपन्न, आपल्या ‘खात्यापित्या घरची’ला अगदी चपखल. जावानीजमधलं ‘गिनुक-गिनुक’ गुटगुटीत बाळासाठी आणि गोंडस बाईसाठी.

बारीक असण्याची तऱ्हाही तशीच. ‘लांगसिंग’ म्हणजे सडपातळ, हे कौतुक. ‘कुरुस’ म्हणजे नुसतं बारीक, त्यात थोडी काळजी. ‘क्रेम्पेंग’ म्हणजे पाप्याचं पितर. ‘कुतिलांग’ हे एका गाणाऱ्या पक्ष्याचं नाव, पण ‘कुरुस, तिंग्गी, लांगसिंग’ (बारीक, उंच, सडपातळ) यांची आद्याक्षरं जोडूनही तोच शब्द होतो, म्हणून उंच शेलाट्या मुलीला कुतिलांग म्हणतात. शब्दांचे तुकडे जोडून नवा शब्द पाडण्याची तिकडे फार हौस आहे.

आता सावध राहायचे शब्द. ‘मॉन्तोक’, ‘सेमोक’, ‘बाहेनोल’, ‘बोहाय’ या सगळ्यांचा अर्थ भरदार, पण त्यात पुरुषाची नजर मिसळलेली आहे. बाळाचे गाल मॉन्तोक म्हटले तर ठीक. रस्त्यावरून जाणाऱ्या बाईला म्हटलं तर ती छेडछाडच.

‘बापर’, ‘जूलित’ हे शब्द सारखे कानावर पडतात. ते काय आहेत?

बापर म्हणजे ‘बावा परासाआन’, भावना सोबत घेऊन फिरणं. मराठीत याला तयार शब्द आहे: मनाला लावून घेणं. ‘परासाआन’च्या पोटात ‘रासा’ आहे आणि रासा म्हणजे आपला संस्कृत ‘रस’. भरतमुनींच्या नाट्यशास्त्रातला शब्द समुद्र ओलांडून गेला आणि आज जकार्तातल्या कॉलेजच्या कट्ट्यावर ‘बापर करू नको गं’ असा बसला आहे.

पण या शब्दाला एक धारदार कड आहे. कोणी अंगावरून बोललं आणि मुलगी दुखावली, की लगेच ‘जांगान बापर’, म्हणजे ‘एवढं मनाला लावून घेऊ नकोस’. चूक बोलणाऱ्याची, समजूतदारपणाचा भार मात्र ऐकणारीवर. मुलींनी याला उत्तर शोधलं ते ‘जूलित’. दुसऱ्याचं चांगलं बघवत नाही म्हणून खोचक बोलणारी व्यक्ती ती जूलित. ‘न्यिन्यिर’ हा तिचाच जुना नातेवाईक, टोमणे मारत राहणारा. शब्द हाताशी आला की बोलणाऱ्याकडे बोट दाखवता येतं. आधी फक्त ‘तू बापर आहेस’ होतं, आता ‘तू जूलित आहेस’ असं परत म्हणता येतं. नवा शब्द आला की एखाद्या मुलीची मान किती ताठ होते, ते मी समोर पाहिलं आहे.

‘बुचिन’ही ऐकू येईल. बुदाक चिन्ता, म्हणजे प्रेमाचा गुलाम. इंडोनेशियनमध्ये चिन्ता म्हणजे प्रेम, आणि शब्द मूळचा आपलाच, संस्कृत ‘चिंता’. ज्याची चिंता वाटते त्याच्यावर प्रेम असतं, हे त्या भाषेने ओळखलं.

तिकडेही गोऱ्या रंगाचं वेड आहे का?

आहे, आणि खोल आहे. कुठल्याही दुकानात क्रीमच्या फळ्यांवर ‘पुतिह’ (पांढरं), ‘चराह’ (उजळ) आणि हल्ली ‘ग्लोइंग’ हेच शब्द दिसतील. हे वेड केवळ डच राजवटीने आणलेलं नाही. जुन्या जावानीज काव्यांतही सुंदर स्त्रीचा चेहरा चंद्रासारखा उजळ असतो. त्यावर वसाहतीची उतरंड चढली, नंतर जपानी-कोरियन प्रसाधनांचं तेज चढलं, आणि दूरदर्शन मालिकांत युरोपीय रक्त मिसळलेले ‘ब्लास्तेरान’ चेहरे वर्षानुवर्षं नायिका झाले.

पण रंगांची त्यांची नावं मात्र फळांच्या टोपलीतली आहेत. बहुतेकींचा रंग ‘सावो मातांग’. सावो म्हणजे चिकू, मातांग म्हणजे पिकलेला. आपण गव्हाळ म्हणतो, त्या पिकलेल्या चिकूचा रंग म्हणतात. त्याहून उजळ तो ‘कुनिंग लांग्सात’, लांग्सात नावाच्या फिक्या पिवळ्या फळासारखा. आणि ‘हितम मानिस’ म्हणजे काळी-गोड. हे कौतुक आहे, पण आपल्या ‘सावळी असली तरी नाकीडोळी नीटस’सारखंच त्याच्या आत एक ‘तरी’ दडलेला आहे. नाकाचंही तेच: चाफेकळी नाक ‘मान्चुंग’, नकटं ‘पेसेक’, आणि पेसेक नाकाच्या बाळाचं नाक आज्या चिमटीत धरून ओढतात, वर येईल म्हणून.

याचा सगळ्यात वाईट परिणाम म्हणजे पाऱ्याची क्रीमं. देशाची अन्न व औषध यंत्रणा बेपेओएम पारा असलेली उजळ करणारी क्रीमं वेळोवेळी जप्त करते, नावं जाहीर करते, तरी ती पुन्हा विकली जातात. पारा त्वचेतून अंगात जातो आणि मूत्रपिंडांना इजा करतो. नोंदणी क्रमांक नसलेली डबी कोणी कितीही प्रेमाने दिली तरी लावू नका.

पापुआच्या किंवा चिनी वंशाच्या बायकांचं काय? ‘इंडोनेशियन स्त्री’ म्हणजे कोण?

२०१० च्या जनगणनेत १३०० हून अधिक वांशिक गट मोजले गेले. तरी जाहिरातीतली ‘इंडोनेशियन स्त्री’ बहुतेकदा जावानीज किंवा सुंदानीज (दोन्ही जावा बेटावरचे मोठे समाज), सरळ केसांची आणि उजळ असते. देशाच्या पूर्व टोकाला असलेल्या पापुआतल्या बाईचा गडद रंग आणि कुरळे केस त्या चित्रात बसत नाहीत. ऑगस्ट २०१९ मध्ये सुराबाया शहरात पापुआच्या विद्यार्थ्यांना ‘माकड’ म्हणून शिवीगाळ झाली आणि त्यानंतर पापुआभर निदर्शनं पेटली. त्यामुळे पापुआची मुलगी ‘माझे केस मी सरळ करणार नाही’ म्हणते, तेव्हा ती नुसत्या फॅशनबद्दल बोलत नसते.

चिनी वंशाच्या बायकांना चुकूनही ‘आमोय’ म्हणू नका. मूळचा अर्थ ‘मुलगी’ एवढाच, पण बाहेरच्यांच्या तोंडी त्याला लाळघोटी वळण आलं आहे. मे १९९८ च्या दंगलीत याच समाजाच्या स्त्रियांवर सामूहिक बलात्कार झाले. त्या अत्याचारांविरुद्ध बायका रस्त्यावर उतरल्या आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘कोमनास प्रम्पुआन’ हा राष्ट्रीय महिला आयोग स्थापन झाला.

‘वानिता’ आणि ‘प्रम्पुआन’ दोन्हींचा अर्थ स्त्रीच ना?

अर्थ तोच, पण वजन वेगळं. वानिता म्हणजे आपली ‘वनिता’. १९९८ मध्ये पायउतार झालेले हुकूमशहा राष्ट्राध्यक्ष सुहार्तो यांच्या काळात हाच शब्द सरकारी होता. सरकारी नोकरांच्या पत्नींची ‘धर्म वानिता’ नावाची संघटना १९७४ मध्ये निघाली आणि तिथे बायकोचं स्थान नवऱ्याच्या हुद्द्यावरून ठरत असे. जावानीज लोक वानिताची फोड ‘वानी दितोतो’ अशीही करतात, म्हणजे ‘शिस्तीत ठेवून घ्यायला तयार’. ही लोकांनी जुळवलेली व्युत्पत्ती आहे, पण लोक काय जुळवतात यातूनही पुष्कळ कळतं. प्रम्पुआनच्या पोटात ‘एम्पू’ आहे, म्हणजे आदरणीय, कसबी. म्हणून १९९८ नंतर चळवळीतल्या बायकांनी प्रम्पुआन जाणूनबुजून पुढे आणला. आयोगाच्या नावातही तोच आहे.

हिजाबमुळे शरीराबद्दलचं दडपण कमी होतं का?

काही जणींनी मला सांगितलं की होतं: केस, मान, दंड यांवरच्या टिप्पण्या थांबतात. काही जणी म्हणाल्या की दडपण फक्त चेहऱ्यावर आणि कपड्याच्या पडण्यावर सरकतं. दोघींचं खरं माना.

आजचं चित्र कायमचं होतं असं समजू नका. पूर्वी डोकं झाकणाऱ्या बहुतेक बायका ‘क्रुदुंग’ घ्यायच्या, डोक्यावरून सैल सोडलेली तलम ओढणी, पुढचे केस दिसणारी. १९८२ च्या गणवेशाच्या नियमामुळे सरकारी शाळांत जिल्बाबवर, म्हणजे केस आणि मान पूर्ण झाकणाऱ्या हिजाबवर, बंधन होतं आणि तो घालणाऱ्या मुलींना शाळा सोडाव्या लागल्या. १९९१ मध्ये परवानगी मिळाली. २०२१ मध्ये पाडांग शहरात उलटं घडलं: एका ख्रिस्ती मुलीवर शाळेत डोकं झाकण्याची सक्ती झाल्याचं प्रकरण देशभर गाजलं. ऑगस्ट २०२४ मध्ये ध्वजवंदन पथकातल्या मुलींनी दीक्षासमारंभात हिजाब काढलेला दिसला, गदारोळ झाला आणि स्वातंत्र्यदिनी तो घालण्याची मुभा द्यावी लागली. कधी ‘काढ’, कधी ‘घाल’. मुलीला विचारणारं कोणी नाही, याचा मला राग येतो.

२०१४ च्या सुमारास घट्ट कपड्यांवर हिजाब घालणाऱ्या मुलींना हिणवायला जिल्बाब आणि इंग्रजी ‘बूब्स’ (स्तन) मिळून ‘जिल्बूब्स’ असा जोडशब्द निघाला आणि उलेमांच्या परिषदेनेही अशा पेहरावावर टीका केली. डोकं झाकलं तरी छातीकडे बघणारी नजर कोणी झाकली नाही.

जुन्या काळी सौंदर्य कशाला म्हणायचे?

जावानीजमध्ये ‘चान्द्रा’ नावाची उपमांची परंपरा आहे, लग्नात वधूचं वर्णन त्याच थाटात होतं. भुवया प्रतिपदेच्या चंद्रासारख्या. गाल दुरियान फळाच्या फोडीसारखे. ओठ उकललेल्या मँगोस्टीनसारखे. दात काकडीच्या बियांसारखे. कानशिलावरचे केस तुरीच्या कळीसारखे (ही तुरी म्हणजे आपली तूर नव्हे, आपला हादगा). आणि चाल? भुकेल्या वाघासारखी, संथ, लवचिक. ‘गजगामिनी’ ऐकत वाढलेल्या मला ही वाघाची चाल फार आवडली. कंबर मात्र गांधीलमाशीसारखी हवी, म्हणजे बारीक कंबरेचा हट्ट जुनाच आहे.

लग्नाआधी नवरी ‘मुतिह’ उपास करते, नुसता पांढरा भात आणि पाणी. हेतू हा की मांडवात ती ‘पांगलिंग’ करणारी दिसावी, म्हणजे रोजच्या माणसांनाही ओळखू येऊ नये इतकी सुंदर. स्वतःसारखी न दिसणं हेच सर्वोच्च कौतुक! याचा विचार मी अजून करते आहे.

कबाया, जामू, लुलुर (तिकडचं उटणं) हे सगळं छान आहे ना? की तेही दडपणच?

दोन्ही. कबाया म्हणजे पुढून उघडणारी, अंगाबरोबर बसणारी चोळीसारखी लांब झंपर. आत कंबरेला ‘स्तागेन’, म्हणजे कित्येक मीटर लांब जाड पट्टा गुंडाळतात. बाळंतिणीचं पोटही असंच बांधतात, चाळीस दिवस. आपल्या आज्याही जुन्या लुगड्याच्या पट्ट्याने पोट बांधायच्या. त्याच काळात बाळंतिणीला कपाळावर लेप, अंगाला उटणं, पोटात जामू आणि घरातल्या बायकांचे हात मिळतात. ती माया खरी आहे.

जामूला २०२३ मध्ये आणि कबायाला २०२४ मध्ये युनेस्कोच्या वारसायादीत स्थान मिळालं, कबायाला शेजारच्या चार देशांसोबत. जामूच्या बाटल्यांत पाळीसाठी हळद-चिंच असते, पोरांना भूक लागावी म्हणून तमुलावाक, म्हणजे हळदीच्या जातीचं एक मूळ, असतं, आणि ‘गालियान सिंगसेत’ही असतं, म्हणजे अंग आवळून बांधेसूद करणारं. शेवटचं बाईला न विचारताच पुढे केलं जातं.

२१ एप्रिलला कार्तिनी दिन. १८७९ मध्ये जन्मलेली कार्तिनी पंचविसाव्या वर्षी बाळंतपणानंतर गेली. मुलींच्या शिक्षणासाठी तिने पत्रांतून जीव तोडून लिहिलं. तिच्या दिवशी शाळकरी मुली पहाटे चार वाजता सलूनच्या रांगेत बसतात, अंबाडा आणि मेकअप करायला. गोड दिसतात. पण पत्रातली एक ओळही वाचली जात नाही, ही तिथल्या शिक्षिकांचीच तक्रार आहे. तरुण मुली मात्र आता कबाया जीन्सवर घालतात, स्तागेनशिवाय, पोटाला मोकळा श्वास देऊन.

वजन खरंच वाढतं आहे का?

हो. २०१८ च्या राष्ट्रीय आरोग्य पाहणीत प्रौढ स्त्रियांपैकी २९.३ टक्के स्थूल आढळल्या, पुरुषांत हे प्रमाण १४.५ टक्के. त्याच पाहणीत जवळपास निम्म्या गरोदर बायकांना रक्तक्षय होता. जाडीवर बोलणारे पुष्कळ, रक्त किती आहे ते विचारणारे थोडे.

कोणी घाणेरडं बोललं तर कायदा आहे का?

आहे. २०२२ च्या लैंगिक हिंसाचारविरोधी कायद्यात, ज्याच्यासाठी बायकांनी सुमारे दहा वर्षं झुंज दिली, स्पर्श न करता केलेला लैंगिक अपमानही गुन्हा आहे: ९ महिन्यांपर्यंत कैद किंवा १ कोटी रुपियापर्यंत दंड, किंवा दोन्ही. २०२४ मध्ये ‘तोब्रुत’ हा स्तनांच्या आकारावरून केलेला असभ्य शब्द मुलींच्या फोटोंखाली सर्रास लिहिला जात होता. तो थट्टेचा नाही, छळाचा शब्द आहे आणि या कायद्यात बसतो, हे महिला आयोगाने स्पष्ट सांगितलं.

मला कोणी ‘गमुकान या’ म्हणालं तर काय उत्तर देऊ?

बाजारातली इबू म्हणाली तर हसा आणि “मासाकान इबू एनाक” म्हणा, इबूंचा स्वयंपाकच चविष्ट. ती खूश होऊन आणखी वाढेल. साहेब म्हणाले तर हसू नका. तिकडे गप्प राहणं हेही उत्तर असतं आणि ते बरोबर पोहोचतं. हे बोलणं शेजारी बसलेल्या मुलीला उद्देशून असेल तर विषय बदला, तिला तिच्या कामाबद्दल काही विचारा. आणि तुम्ही स्वतः, कितीही जवळीक झाली तरी, हा शब्द पहिल्यांदा उच्चारू नका. मी एकदा घरमालकीणबाईंच्या सुनेला लाडाने न्दुत म्हणाले होते. तिने ताटातला भात परत पातेल्यात ठेवला.